माळ्यावर कोण आहे ते आधी बघून या

एक सात मिनिटांची कार्टून फिल्म आहे, १९५३ ची, अमेरिकेतल्या यूपीए नावाच्या स्टुडिओने केलेली. नाव ‘द युनिकॉर्न इन द गार्डन’. दिग्दर्शक विल्यम हर्ट्झ, आणि मूळ गोष्ट अमेरिकन लेखक-व्यंगचित्रकार जेम्स थर्बरची, जी १९३९ मध्ये न्यूयॉर्कर साप्ताहिकात छापून आली होती. एक साधा, बारकासा नवरा सकाळी नाश्ता करत बसलाय, सहज खिडकीतून बघतो तर बागेत पांढराशुभ्र एकशिंगी घोडा, सोन्याचं शिंग, शांतपणे गुलाब खातोय. तो वर जाऊन झोपलेल्या बायकोला उठवतो आणि सांगतो. ती एक डोळा उघडून म्हणते असा प्राणी नसतोच, आणि पाठ फिरवून परत झोपते. तो खाली जातो, त्या घोड्याला लिलीचं फूल भरवतो, पुन्हा वर येऊन सांगतो की त्याने लिली खाल्ली. मग ती म्हणते तुला वेड लागलंय, तुला आता वेड्यांच्या हॉस्पिटलातच टाकते. आणि तो बागेत गेल्याबरोबर ती पोलिसांना आणि मानसोपचाराच्या डॉक्टरला फोन करते, येताना ते हात बांधायचं जॅकेटही घेऊन या म्हणून.

पुढे काय होतं तर पोलीस आणि डॉक्टर येतात, ती घाईघाईने, उत्तेजित होऊन सगळं सांगते, की माझ्या नवऱ्याला एकशिंगी घोडा दिसला, त्याने त्याला लिली खायला घातली, आणि ते दोघं एकमेकांकडे बघतात आणि तिलाच धरतात. तेवढ्यात नवरा येतो. तू बायकोला असं काही सांगितलंस का, विचारतात. तो म्हणतो छे, असा प्राणी कुठे असतो. झालं. बाईला जॅकेट घालून घेऊन जातात, नवरा सुखाने राहतो. शेवटी जे तात्पर्य येतं त्यात इंग्रजीतल्या एका शब्दावर कोटी आहे, बावळट माणसाला जो शब्द तोच वेड्यांच्या हॉस्पिटलच्या बोलीनावात, ती मराठीत काही येत नाही, पण भाव साधारण बाजारात तुरी आणि भट भटणीला मारी असा.

फिल्म सुंदर आहे हे आधीच सांगते. थर्बरची ती डुगडुगणारी रेघ, सपाट रंग, जवळजवळ मोकळ्या सोडलेल्या चौकटी. डिस्नेची गुबगुबीत गोलाई त्या काळात सगळीकडे होती आणि १९४१ च्या डिस्ने स्टुडिओतल्या संपानंतर तिथून बाहेर पडलेल्या लोकांनी हा वेगळा मार्ग काढला, कमी हालचाल, जास्त डिझाइन. आणि गंमत अशी की थर्बरची स्वतःची नजर तोवर जवळपास गेलेली होती, लहानपणी खेळताना भावाचा बाण लागून एक डोळा गेला आणि दुसराही हळूहळू विझत गेला. ज्याला जग नीट दिसत नाही त्या माणसाने, दुसऱ्या कोणाला न दिसणाऱ्या प्राण्याची गोष्ट लिहिली. हे कळल्यापासून मला ती गोष्ट नुसती नवराबायकोच्या भांडणाची वाटत नाही.

पण मी लिहायला बसले ते दुसऱ्याच कारणासाठी. या गोष्टीत एक साधी कृती आहे जी नवरा सोडून कोणीही करत नाही. खिडकीपाशी जाऊन बाहेर बघणं. मूळ गोष्ट वाचून बघा, बायको बेडवरून उठून खिडकीपर्यंत जात नाही. पोलीस बागेत जात नाहीत. डॉक्टर विचारत नाही की बाई, चला जरा, कुठली बाग, कुठली लिली, दाखवा. निर्णय होतो तो कोण कसं बोलतंय यावर. बाई भराभर, आवाज चढवून बोलते म्हणून ती वेडी. नवरा शांतपणे बोलतो म्हणून तो शहाणा, आणि त्या वेळी त्या घरात खोटं बोलणारा तो एकटाच होता.

हे मला इतकं का लागलं, तर आमच्या घरात हे झालंय.

आत्याची गोष्ट. बाबांची मोठी बहीण, तिला बाबा अक्का म्हणत. लवकर विधवा झाली आणि माहेरीच राहिली, चिपळूणजवळच्या गावी, जुनं कौलारू घर, मधल्या खोलीवर लाकडी माळा. मी तेव्हा बारावीत होते. त्या हिवाळ्यात आत्या सांगायला लागली की रात्री माळ्यावर कोणीतरी चालतं. उंदीर नाही, उंदराची पावलं मला कळतात, हे जड आहे, थांबत थांबत चालतं. पहिल्यांदा सगळ्यांनी हूं हूं केलं. मग ती म्हणाली वास पण येतो, आंबेमोहोर शिजत असल्यासारखा, रात्री दोन वाजता. तिथे घरच्यांचं मत बदललं. आवाजाचं एकवेळ ठीक होतं, पण मध्यरात्री भाताचा वास म्हणजे अक्काच्या डोक्यावर परिणाम झाला, असं ठरलं. कोणी मुद्दाम ठरवलं नाही, पण दोन दिवसांत घरात सगळे तसं बोलायला लागले, आणि तिच्यासमोर बोलणं थांबवून स्वयंपाकघरात जाऊन बोलायला लागले. ती जितकी पटवून द्यायला जायची तितका तिचा आवाज चढायचा, आणि जितका आवाज चढायचा तितकं आमचं पक्कं व्हायचं.

शेजारच्या काकी एकट्या अशा होत्या की एका रात्री चटई घेऊन आल्या आणि आत्याशेजारी झोपल्या, ऐकायला. सकाळी म्हणाल्या हो हो, काहीतरी चालतंय खरं. तर त्यावर घरात काय म्हणाले, त्या पण तसल्याच, दोघी मिळून एकमेकींना भरवतात.

मग तालुक्याच्या गावी एका डॉक्टरांकडे नेलं. नाव सांगत नाही, सांगायचं कारणही नाही. मी सोबत होते. टेबलासमोर दोन खुर्च्या, एकीवर बाबा, एकीवर आत्या, मी दारापाशी. डॉक्टरांनी सगळे प्रश्न बाबांना विचारले. झोपते का, खाते का, कधीपासून, घरात अजून कोणाला होतं का. आत्या मधे बोलायला गेली तर हात वर करून थांबवलं, म्हणाले तुमच्याकडे येतो मी, आणि आले नाहीत. दहा मिनिटांत गोळ्या लिहून दिल्या. त्या गोळ्यांनी ती दिवसभर झोपायला लागली. संध्याकाळी देवासमोर वाती वळायला बसायची तेव्हा बोटं थरथरायची, कापूस नुसता चोळला जायचा, वात होतच नव्हती, आणि मग तो चोळामोळा कापूस ती मांडीवर ठेवून बघत बसायची. ते चित्र माझ्या डोळ्यांसमोरून जात नाही.

मे महिन्यात कौलं परतायला माणूस आला. वर चढला, माळ्याच्या कोपऱ्यातली जुनी पोती बाजूला केली आणि तिथूनच ओरडला, काकू, वर कांडेचोर हाय, पिल्लांसकट! कांडेचोर म्हणजे उदमांजर. रात्री फिरणारा प्राणी, दिवसा माळ्यावर नाहीतर झाडाच्या ढोलीत झोपतो, फळं खातो, विष्ठेत नुसत्या बिया. आणि त्याच्या अंगाला ग्रंथींमुळे जो वास येतो तो खरोखर सुवासिक तांदूळ शिजल्यासारखा असतो. बंगालीत तर त्याला गंधगोकुळ म्हणतात. आत्या जे सांगत होती ते शब्दाशब्दाने खरं होतं. पाच-सहा पायऱ्यांची शिडी होती, आणि इतक्या महिन्यांत घरातल्या एकानेही ती चढली नव्हती.

तुम्हाला वाटेल पुढे सगळे तिची माफी मागून मोकळे झाले. नाही. सगळे हसले. घरातली ती एक मजेशीर गोष्ट झाली, पाहुण्यांना सांगायची. गोळ्या अजून काही महिने चालूच राहिल्या, कारण डॉक्टरांनी अचानक बंद करू नका म्हटलं होतं. आणि त्यानंतर आयुष्यभर आत्या काहीही म्हणाली, दूधवाला कमी माप घालतो म्हणाली, पोट दुखतं म्हणाली, तरी घरातले एकमेकांकडे बघायचे. प्राणी सापडला तरी शिक्का पुसला गेला नाही.

आता माझं म्हणणं मांडते. उदमांजर सापडलं म्हणून आत्या बरोबर होती, एवढंच जर आपण यातून घेतलं तर आपण काहीच शिकलो नाही. समजा वर काही नसतं? समजा तिला खरंच भास होत असते? तर मग तिला खुर्चीवर बसवून तिच्या भावालाच प्रश्न विचारणं योग्य ठरलं असतं का? माझ्या मते उलट आहे, ज्याला खरोखर भास होतात त्याला तर जास्त विचारायला हवं, की तुला काय ऐकू येतं, कधी येतं, भीती वाटते का, काय केलं की बरं वाटतं. आजार असणं म्हणजे आपल्याच आयुष्याबद्दल बोलायचा हक्क जाणं नव्हे. माळ्यावर चढून बघणं ही पहिली पायरी, आणि वर काही नाही दिसलं तर खाली येऊन त्या माणसाशेजारी चटई टाकणं ही दुसरी. काकींनी ती केली होती.

इतिहासात हे नवीन नाही. त्याच अमेरिकेत, इलिनॉय राज्यात, १८६० मध्ये एलिझाबेथ पॅकार्ड नावाच्या बाईला तिच्या पाद्री नवऱ्याने वेड्यांच्या हॉस्पिटलात टाकलं. कारण धर्माबद्दल तिची मतं त्याच्याहून वेगळी होती आणि ती ती उघड मांडायची. तिथल्या कायद्यात तेव्हा अशी सोय होती की बायकोला दाखल करायला नवऱ्याचं म्हणणं पुरे, इतरांसाठी लागायचा तेवढा पुरावाही नको. तीन वर्षं ती आत होती. नंतर घरातच कोंडून ठेवलं तेव्हा प्रकरण कोर्टात गेलं, आणि १८६४ मध्ये ज्यूरीने अवघ्या सात मिनिटांत ती शहाणी असल्याचा निकाल दिला. सात मिनिटं, म्हणजे या फिल्मच्या लांबीएवढी. नंतर तिने कायदे बदलायला जन्म घातला, १८६७ मध्ये इलिनॉयने कायदा केला की ज्यूरीसमोर सुनावणी झाल्याशिवाय असं कोणाला डांबता येणार नाही.

आणि फिल्म आली तो काळही विसरू नका. त्या वर्षांत अमेरिकेत कोणीतरी कोणाचं नाव घेतलं की तो कम्युनिस्ट, त्याचं काम बंद, असं चाललं होतं. खुद्द यूपीएतून जॉन हबली या त्यांच्या मोठ्या कलावंताला १९५२ मध्ये त्याच कारणाने बाहेर पडावं लागलं. फिल्म करणाऱ्यांच्या मनात हे होतं का, असा दावा मी करणार नाही. पण कोणाच्या तरी नुसत्या सांगण्यावरून माणसाचा निकाल लागणं, हे तेव्हा त्या स्टुडिओतही घडलं होतं हे खरं आहे.

बरेच लोक ही फिल्म दबलेल्या नवऱ्याच्या विजयाची म्हणून बघतात, कजाग बायकोला चांगली अद्दल घडली वगैरे. मला ते पटत नाही. सकाळी खरं बोलल्याबद्दल नवऱ्याला आत टाकायची तयारी झाली, थोड्याच वेळाने खरं बोलल्याबद्दल बायकोला टाकलं. हत्यार एकच आहे, ते जॅकेट, ते घरात तयार पडलेलं आहे आणि ज्याच्या हाताला लागेल त्याचं. त्यांच्यात वाईट कोण हा प्रश्नच नाही, ते जॅकेट इतक्या सहज कोणाच्याही हाती का लागतं हा प्रश्न आहे.

आपल्याकडे ते हाती लागू नये म्हणून कायदा आहे, आणि चांगला आहे, हे मी मनापासून म्हणते. आधी १९१२ चा इंडियन लूनसी अ‍ॅक्ट होता, मग १९८७ चा कायदा, आणि आता २०१७ चा मानसिक आरोग्य सेवा कायदा, जो मे २०१८ पासून लागू झाला. त्यात स्वच्छ लिहिलंय की समाजाच्या नैतिक, सामाजिक, सांस्कृतिक किंवा धार्मिक कल्पनांशी कोणाचं वागणं जुळत नाही एवढ्यावरून त्याला मनोरुग्ण ठरवता येणार नाही. पूर्वी उपचार झाले होते एवढ्यावरूनही आज ठरवता येणार नाही. म्हणजे पॅकार्डबाईंचं उत्तरही त्यात आहे आणि आमच्या आत्याचंही. माणसाच्या मर्जीशिवाय दाखल करायचं तर दोन जणांनी स्वतंत्रपणे तपासायचं, त्यात एक सायकियाट्रिस्ट हवाच, सुरुवातीची मुदत जास्तीत जास्त तीस दिवस, आणि बाई किंवा अल्पवयीन असेल तर तीन दिवसांच्या आत, अशा भरतीवर लक्ष ठेवणाऱ्या रिव्ह्यू बोर्डाला कळवायचं. तीन दिवस हे बाईसाठी वेगळं का लिहावं लागलं याचा विचार करा. कायदा लिहिणाऱ्यांना माहीत होतं की आपल्याकडे कोणाला टाकून येतात.

आणि टाकून येतात. महाराष्ट्रात येरवडा, ठाणे, नागपूर, रत्नागिरी अशी चार सरकारी प्रादेशिक मनोरुग्णालयं आहेत. ठाण्यातल्या एका बाईंचं प्रकरण हायकोर्टात गाजलं होतं, नवऱ्याने दाखल केलं आणि बारा वर्षं त्या आतच राहिल्या. मुंबई हायकोर्टाने त्यानंतर या हॉस्पिटलांत वर्षानुवर्षं राहिलेल्या लोकांची माहिती मागवली. बरे झालेले पण घरचे न्यायला न येणारे लोक, हा प्रश्न तिथे काम करणाऱ्या कोणालाही विचारा. आणि घटस्फोटाच्या कायद्यात मानसिक आजार हे कारण आहेच, म्हणून मग फाइलवर एखादा शब्द लिहून आणणं कोणाच्या तरी सोयीचं असतं. १९८८ मध्ये सुप्रीम कोर्टाला सांगावं लागलं की नुसतं आजाराचं लेबल लावून घटस्फोट मिळत नाही, तो आजार किती आणि कसा आहे हे दाखवावं लागतं.

आपली भाषाही बघा. ‘याला येरवड्याला टाका’, ‘ठाण्याला सीट बुक करा’ हे आपण दिवसातून किती वेळा म्हणतो. गावांची नावं आपण शिवी म्हणून वापरतो. मी पण वापरलीत, आता तोंडातून येत नाहीत.

याच्या विरुद्ध एक म्हणणं आहे आणि ते हलकं नाही. ज्यांच्या घरात खरंच गंभीर आजार आहे, मुलगा रात्री-अपरात्री घराबाहेर पडतो, औषध घ्यायला तयार नाही, आई थकून गेलीय, त्यांना हा कायदा म्हणजे अडथळ्यांची शर्यत वाटते. फॉर्म, बोर्ड, दोन तपासण्या, आणि तालुक्यात सायकियाट्रिस्टच नाही. हे मी जवळून पाहिलंय, माझ्या एका मैत्रिणीच्या घरी, आणि त्या आईला उठून हक्कांवर भाषण द्यायची माझी हिंमत नाही. पण मला वाटतं तिचा राग कायद्यावर नसून कायद्यापाठी यंत्रणा उभी न केल्याबद्दल आहे. बोर्डं स्थापन व्हायलाच कितीतरी ठिकाणी वर्षं गेली. डॉक्टर दहा मिनिटं देतो कारण बाहेर साठ माणसं बसलेली असतात. त्यावर उपाय पेशंटला न विचारणं हा असूच शकत नाही, उलट घरच्यांची माहिती घ्या, पण आधी पाच मिनिटं त्या माणसाशी एकट्याने बोला, आणि तो जे म्हणतो ते त्याच्याच शब्दांत केसपेपरवर लिहा. ‘पेशंटला भास होतात’ असं नको, ‘रात्री दोनला माळ्यावर जड पावलं, आंबेमोहोरचा वास’ असं लिहा. असं लिहिलं असतं तर कोकणातल्या कोणा नर्सने, कोणा वॉर्डबॉयने ते वाचून म्हटलं असतं, डॉक्टर, हे कांडेचोर असेल.

या कायद्यात अजून एक गोष्ट आहे जी फार कमी लोकांना माहितीय. आपण ठणठणीत असताना लिहून ठेवू शकतो की मला कधी मानसिक आजार झाला तर कसे उपचार करा, कसे करू नका. आणि आपल्या वतीने कोणी बोलायचं तो प्रतिनिधी आपणच नेमू शकतो. नवराच हवा, भाऊच हवा असं नाही, कोणीही सज्ञान माणूस, फक्त त्याची संमती हवी. नेमणूक साध्या कोऱ्या कागदावर, खाली सही किंवा अंगठा. स्टॅम्प पेपरही नको. मृत्युपत्राबद्दल आपण आता बोलायला लागलोय, ज्येष्ठ नागरिक संघात व्याख्यानं होतात, याबद्दल का होत नाहीत? आशाताई घरोघर जातात, ग्रामसभा होतात, तिथे हा एक कागद का वाचून दाखवला जात नाही? मी तालुक्याच्या एका दवाखान्यात विचारलं तर तिथल्या बाई म्हणाल्या असं काही नसतं. मी मोबाइलवर कायदा उघडून दाखवला तेव्हा त्यांनी त्याचा स्वतःसाठी फोटो काढून ठेवला.

आत्या तेव्हा ऐंशीच्या घरात होती. मी तिला हे सगळं समजावून सांगितलं आणि म्हटलं आपण तुझा कागद करूया. तिने चष्मा लावला, दोनदा वाचून घ्यायला लावलं. प्रतिनिधी कोण, इथे मी थांबले, कारण मी मनात धरूनच चालले होते की ती माझं नाव सांगेल, नाहीतर बाबांचं. तिने शेजारच्या काकींचं नाव सांगितलं. मी म्हटलं अगं, त्या तुझ्याच वयाच्या, त्यांना धड चालवत नाही. ती म्हणाली असू दे, ती आली होती ऐकायला.